फुकटात पिक्चर कसा बघावा

तिकीट काढून पिक्चर बघणारी माणसं मुंबईत अजून आहेत म्हणे. काढूदेत बापडे. तुम्ही शुक्रवारी संध्याकाळी विरार फास्टमध्ये चौथी सीट मिळाली की सरळ टेलिग्राम उघडा, थेटरात मोबाईल धरून शूट केलेली प्रिंट आलेलीच असते. पडदा वाकडा, आवाज विहिरीतून आल्यासारखा, ऐन क्लायमॅक्सला पुढच्या रांगेतले काका उठतात आणि हिरोच्या तोंडावर त्यांचं टक्कल, खाली बेटिंग ॲपची पट्टी. कॅमेरामनने जीव ओतून केलेलं लायटिंग असंच बघायचं असतं.

लिंक उघडली की प्लेची चार-पाच बटणं दिसतील, खरं एकही नसतं, तरी सगळी दाबा. "अलाऊ" विचारलं की अलाऊ करा, मग रात्री दोनलासुद्धा लॉटरी लागल्याचे मेसेज येतात, तेवढीच सोबत. एचडी पाहिजे तर आमचं ॲप टाका म्हणतात, ते प्लेस्टोअरवर नसतंच, एपीके फाईल असते, टाका बिनधास्त. फोन बिचारा वॉर्निंग देतो, पण फोनचं कोण ऐकतं! पिक्चरच्या ॲपला तुमचे एसएमएस कशाला वाचायचेत असले फालतू प्रश्न नकोत, परमिशन द्या, पुढचे ओटीपी तेच परस्पर वाचेल, तुम्हाला टाईप करायचा त्रास नाही. खातं साफ झालं तर 1930 ही सायबर हेल्पलाईन आहे, लगेच फोन केला तर पैसे अडवता येण्याचा चान्स असतो, पण घाई कशाला, आधी इंटरवलपर्यंत तरी बघून घ्या.

कायद्याचं टेन्शन नको. 2023 मध्ये सिनेमॅटोग्राफ कायदा बदलला, थेटरात चोरून शूट करणाऱ्याला कमीत कमी 3 महिने, जास्तीत जास्त 3 वर्षं, आणि दंड 3 लाखांपासून पिक्चरच्या निर्मितीखर्चाच्या 5 टक्क्यांपर्यंत. प्रिंटमध्ये न दिसणारा वॉटरमार्क असतो, त्यावरून कुठलं थेटर, कुठली वेळ, सगळं कळतं. पण तो शूट करणाऱ्याचा प्रॉब्लेम. कॉपीराईट कायदा 1957 पासून आहे, असूदे, तुम्ही तर फक्त सोसायटीच्या ग्रुपवर "ज्याला पाहिजे त्याने घ्या" म्हणून टाकलाय, समाजसेवाच ती.

आणि मराठी पिक्चर असेल तर चुकूनही तिकीट काढू नका हां. शनिवार-रविवार खुर्च्या रिकाम्या गेल्या की सोमवारपासून शो थेट सकाळी नऊचा, पुढच्या शुक्रवारी गायब. मग आपण दादरला प्लाझासमोर सेल्फी काढून पोस्ट टाकायची, "मुंबईतच मराठीला स्क्रीन मिळत नाही, लाज वाटली पाहिजे." खाली कमेंटमध्ये कोणीतरी विचारेलच, भाऊ लिंक आहे का. इनबॉक्समध्ये पाठवा.