केळीची निसवण पडद्यावर कधी येणार?

जळगाव, रावेर, यावल या पट्ट्यातील केळीवरचे जे माहितीपट माझ्या पाहण्यात आले, त्यांतल्या बहुतेकांत ड्रोनने टिपलेल्या हिरव्यागार बागा आहेत, भारदस्त निवेदन आहे, निर्यातीचे आकडे आहेत. केळीचे झाड वाढते कसे, त्याची निसवण (फुलोरा बाहेर पडणे) होते कशी, हे मात्र कुठेच दिसत नाही. विज्ञान निवेदकाने सांगायचे आणि कलेची बाजू संगीताने सांभाळायची, ही जी वाटणी आपण करून ठेवली आहे, तिथेच हे माहितीपट फसतात, असे माझे स्पष्ट मत आहे.

खरे तर शेजारच्या नाशिक जिल्ह्यात, त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांनी ही वाटणी कधीच मानली नव्हती. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली आला, पण त्याच्या आदल्या वर्षी त्यांनी कुंडीत वाटाणा लावला आणि महिनाभराहून अधिक काळ ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपून त्याचे रोप पडद्यावर भराभर वाढताना दाखवले. पुढच्या चित्रपटासाठी भांडवल मिळाले ते या छोट्या फिल्मच्या बळावर. त्यात ना कथा होती, ना नट. डोळ्यांना एरवी न दिसणारी गती दिसत होती आणि पाहणाऱ्यांना तेवढे पुरले.

फ्रान्समधील माहितीपटकार झाँ पँलेव्हे (१९०२–१९८९) यांनी तर हेच आयुष्यभराचे काम मानले. गणितज्ञ आणि फ्रान्सचे पंतप्रधान राहिलेल्या वडिलांच्या या मुलाने जीवशास्त्राचे शिक्षण घेतले आणि कॅमेरा पाण्याकडे वळवला. १९३४ च्या समुद्रघोड्यावरील त्यांच्या फिल्ममध्ये मादी नराच्या पोटावरील पिशवीत अंडी घालते आणि नर पिल्लांना जन्म देतो, हे सारे प्रत्यक्ष दिसते. त्यातली एकही गोष्ट शास्त्राला सोडून नाही, आणि तरीही ती पाहताना एखादे नाट्य पाहिल्यासारखा माणूस गुंतून जातो.

आपल्याकडे अशा नाट्याची वानवा आहे का? केळीचे जे खोड आपण म्हणतो, तो पानांच्या तळाकडील आवरणांचा घट्ट गुंडाळा असतो. खरे खोड जमिनीतल्या कंदात असते. फुलोरा तिथेच तयार होतो आणि त्या गुंडाळ्याच्या पोटातून वर चढत शेंड्याशी बाहेर पडतो. निसवण झाली की केळफूल खाली झुकते, पाकळ्यांसारखी दिसणारी जांभळट आवरणे एकामागून एक उचलली जातात आणि प्रत्येकाखाली एकेक फणी उघडी पडते. परागीभवन न होताच फळ भरते, म्हणूनच आपल्या केळीत बी नसते. पुढे घड खाली लोंबत असताना त्यातली केळी मात्र वळून वर तोंड करतात. ही हालचाल दिवसांची आहे. फाळक्यांच्या वाटाण्याच्या पद्धतीने ती मिनिटभरात दाखवता येईल.

सीएमव्ही (कुकुंबर मोझॅक व्हायरस) या विषाणूमुळे केळीवर येणाऱ्या रोगाचेही तसेच आहे. मावा ही बारीक कीड एका झाडावरून दुसऱ्यावर विषाणू नेते, पानांवर पिवळट पट्टे उमटतात आणि शेतकऱ्याला उभी रोपे उपटून टाकावी लागतात. सोंड खुपसून रस शोषणारा मावा जवळून एकदा पडद्यावर दिसला, तर मावा आणि विषाणूला थारा देणारे बांधावरचे तण का काढायचे, हे वेगळे समजावून सांगावे लागणार नाही.

यासाठी महागड्या ड्रोनपेक्षा एका जागी रोवलेला कॅमेरा, ऊन-पावसापासून त्याचा आडोसा, विजेची सोय आणि हंगामभर थांबण्याची तयारी असलेला माणूस हवा. मृगबागेची लागवड जूनच्या सुमारास सुरू होते. चित्रपटाचे शिक्षण घेणाऱ्या खान्देशातील ज्या मुलामुलींना हे करावेसे वाटेल, त्यांनी त्याआधीच एखाद्या केळी उत्पादकाशी आणि आपल्या महाविद्यालयातील वनस्पतिशास्त्राच्या प्राध्यापकांशी बोलून ठेवावे.