"आजवर काय झालं?"

आज सकाळी वाड्यावरच्या बैठकीत साकवाचा विषय निघाला. ओहळावरचा जुना साकव, चिऱ्यांचे खांब, वर लाद्या. शाळेची पोरं, पाव विकणारा पोदेर, स्कूटरवाले, सगळे त्यावरूनच जातात. मे महिन्यात ओहळ आटला होता तेव्हा मी खाली उतरून पाहिलं. मधल्या खांबाच्या बुडाशी चिरे निखळलेत, मनगटापर्यंत हात आत जातो. मी म्हटलं, चतुर्थीची गर्दी व्हायच्या आधी एखाद्या इंजिनिअरला दाखवूया. तर एक ज्येष्ठ गृहस्थ म्हणाले, "आमच्या आज्याच्या काळापासून आहे तो. आजवर काय झालं?"

हशा झाला. पुढचा विषय सुरू झाला.

मला त्या वाक्याचा राग नाही, हशाचा आहे. जणू मी काहीतरी अशुभ बोलले.

आमच्या कुळागरात, म्हणजे माडा-पोफळीच्या बागेत, विहिरीजवळ एक उंच माड होता. मी शाळेत असताना नारळ पाडणारा पाडेली आला, कमरेला कोयता, पायात दोरीची कडी. माडाजवळ गेला, खोडाला कान लावून उभा राहिला आणि परत फिरला. "हांव चडना." बाबा वैतागले. म्हणाले, अरे, गेल्या खेपेला चढलास, त्याच्या आधी चढलास, कधी काही झालं का? तो शांतपणे म्हणाला, "माडाक थोडेंच खबर आसा, भाटकारबाब, काल आपूण पडूंक ना म्हूण?" माडाला थोडंच ठाऊक असतं, काल आपण पडलो नाही म्हणून?

हे वाक्य मी आयुष्यभर बाळगून आहे. पुढे कॉलेजात डेव्हिड ह्यूम हा स्कॉटिश तत्त्वज्ञ वाचला, तेव्हा मला तो पाडेलीच दिसत होता. ह्यूमनं १७३९ आणि १७४८ च्या पुस्तकांत हेच तर विचारलं. काल सूर्य उगवला, परवा उगवला, म्हणून उद्या उगवेल हे तुम्ही कशावरून म्हणता? "निसर्ग आजवर एकसारखा वागत आलाय" हे उत्तर दिलंत, तर जे सिद्ध करायचं तेच पुन्हा गृहीत धरलंत. आणि हे काही साहेबाकडूनच शिकायला नको होतं. प्रत्यक्ष दिसेल तेवढंच मानणाऱ्या चार्वाकांनी त्याच्या कित्येक शतकं आधी नैयायिकांना, म्हणजे न्यायदर्शनाच्या तर्कपंडितांना, छळलं होतं: धूर तिथे अग्नी म्हणता, पण जगातला प्रत्येक धूर पाहून आलात का?

हो, मान्य, असं प्रत्येक गोष्टीत शंका काढत बसलं तर माणूस जेवायचा नाही. नैयायिक उदयनाचार्यांनी तेच बजावलं, वागण्यालाच विसंगत होईल तिथे शंका थांबते. ह्यूमसुद्धा डोकं तापलं की जेवायचा आणि मित्रांबरोबर सोंगट्या खेळायचा. ठीक.

पण आमच्या वाड्यावरचे लोक ह्यूमलाही वाकुल्या दाखवतात. त्यांच्याकडे फक्त मोजदाद आहे. मोजदादच करायची तर लाप्लास या फ्रेंच गणितज्ञानं त्याचं सूत्रच दिलंय. एखादी गोष्ट ओळीनं 'न' वेळा घडली आणि त्यापलीकडे तुम्हाला तिच्याविषयी काडीचंही ठाऊक नसेल, तर पुढच्या वेळी ती घडण्याची शक्यता (न+१) भागिले (न+२). पाच हजार वर्षांचा इतिहास धरून त्यानं सूर्योदयाचं गणित केलं: उद्या सूर्य उगवेल यावर १८,२६,२१४ ला १ अशी पैज. लोक एवढंच सांगतात आणि हसतात. पण लगेच पुढे तो म्हणतो की ज्याला दिवस आणि ऋतू चालवणारी व्यवस्था माहीत आहे, त्याच्यासाठी हा आकडा कितीतरी मोठा. म्हणजे नुसती मोजणी ही अडाण्याची शेवटची काठी. कारण कळत असेल तर कारण बघा!

आता हेच सूत्र पणजीच्या मांडवी नदीवरच्या पुलाला लावा. १९७० चा नेहरू पूल. १९८६ च्या ४ जुलैला संध्याकाळी कुणी विचारलं असतं, तर साडेपाच हजारांहून जास्त दिवस तो उभा होता, सूत्राप्रमाणे उद्याची काळजीच नको. ५ जुलैला तो कोसळला. त्यानंतरच्या फेरीबोटीच्या रांगा माझ्या वयाच्या कुणाला विसरता येतील? "आजवर काय झालं" हे वाक्य ४ जुलैलाही शंभर टक्के खरं होतं, एवढंच मला त्या गृहस्थांना सांगायचं होतं. सांगू दिलं नाही.

कुणीतरी आता लिहील, ताई, शक्यतेचं शास्त्र तर जुगारातून आलं, तुम्ही कुठे साकवावर नेताय. आलंय खरं. १६५४ साली पास्कल आणि फर्मा या फ्रेंच गणितज्ञांनी एकमेकांना पत्रं लिहिली ती अर्धवट सोडलेल्या डावाचे पैसे कसे वाटायचे यावर. पण फाशाच्या सहा बाजू डाव मांडायच्या आधीच सगळ्यांना दिसतात. (मांडवीतल्या कॅसिनोंवर जाऊन "पाच वेळा काळा आला, आता लालच येणार" म्हणणाऱ्यांना तेवढंही दिसत नाही, तो वेगळा विषय.) साकवाच्या बाजू किती, हे वरून चालणाऱ्याला काय माहीत?

आपल्याच गोव्यात १९०७ साली जन्मलेले गणितज्ञ आणि इतिहासकार दामोदर कोसंबी प्राचीन आहत नाणी, म्हणजे ठसे मारलेली नाणी, तोलायला बसले. हजारो तोलली. पण नुसते आकडे मांडून थांबले नाहीत. नाणं हातोहात फिरताना झिजतं, म्हणून वजन घटतं, हे कारण हाताशी धरून त्यांनी त्या वजनांतून इतिहास वाचला. आमच्याकडे त्यांचं नाव घेऊन व्याख्यानं होतात, आणि खांबाच्या भोकात हात घालून बघायला कुणी खाली उतरत नाही.

असो. लिहिता लिहिता राग थोडा उतरला. ते गृहस्थ वाईट नाहीत. माझ्या आजारपणात घरी पेज घेऊन आले होते.

पाडेलीचं राहिलंच. त्याला खोडात कुरतडण्याचा आवाज आला होता. सोंड्या भुंग्याच्या अळ्या माड आतून पोखरतात, वर झावळ्या हिरव्यागार दिसतात. जवळ जाऊन पाहिलं तर खोडावर बारीक भोकं आणि त्यांतून ओघळलेला तांबूस चिकट रस. बाबांनी शेवटी माड कापवला. आत भुसा होता, ओला, आंबूस वासाचा, मूठभर काढला की त्यात वळवळ. तो चढला असता तर माड पडलाच असता, असं मी म्हणत नाही. कदाचित आणखी दोन पाडणं निघाली असती. आणि तोही अनुभवावरच बोलत होता, हेही खरं, फक्त त्याचा अनुभव पोखरलेल्या माडांचा होता आणि बाबांचा न पडलेल्या माडाचा.

अर्ज लिहून तयार आहे. साकवाची तपासणी व्हावी आणि तोवर जड वाहनं बंद ठेवावीत, एवढीच मागणी. उद्या संध्याकाळी दिवाबत्तीनंतर मी घरीच आहे. लाईक नको, सही हवी. आणि ज्यांना "आजवर काय झालं" असं कमेंटमध्ये लिहायचंय, त्यांनी आधी टॉर्च घेऊन माझ्याबरोबर खाली उतरावं. गमबूट मी देते.