काका, कट्टा वेगळा आणि दुकान वेगळं

काका, तिबेटी स्वेटरवाल्यांना ‘नेपाळी’ म्हणण्यावर मी लिहिलं, त्यावरची तुमची प्रतिक्रिया मोठी आहे, म्हणून उत्तरही मोठं. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: नागपुरात आपण काळ्याला काळ्या अन् ढेऱ्याला ढेऱ्याच म्हणतो, मग हिवाळ्यात स्वेटर विकणाऱ्या तिबेटी बाईला ‘ओ नेपाळी’ म्हटलं तर एवढं काहून मनाला लावून घ्यायचं? आणि त्यांच्यापैकी कोणी तक्रार केली का?

कट्ट्यावरचं मान्य. तिथे तुम्ही ‘काळ्या’ म्हणता, तो ‘टकल्या’ म्हणतो, हिशेब जागच्या जागी फिटतो. (त्याच काळ्याच्या बहिणीच्या बायोडाट्यात ‘गव्हाळ’ लिहावं लागतं, ते सध्या राहू द्या.) दुकानावर तशी परतफेड करता येत नाही. समोर गिऱ्हाईक असतं आणि धंदा थंडीपुरताच. ती बाई हसून सोडून देते, त्याला तुम्ही ‘त्यांना काही वाटत नाही’ म्हणता.

मला शिवीपेक्षा सभ्य बोलणं जास्त खटकतं. मागच्या हिवाळ्यात माझ्यासमोर एका गृहस्थांनी दुकानावरच्या मुलीला विचारलं, ‘मराठी छान बोलता हो, कुठे शिकल्या?’

‘इथलीच आहे जी, गोंदियाची.’

‘तसं नाही, मूळच्या कुठल्या?’

मग स्वेटर उलटापालटा करत, ‘चायनाचा माल नाही ना?’

आवाजात कुठेही तुच्छता नव्हती. पण तिबेटींची नॉर्ग्येलिंग वसाहत गोंदियाच्या अर्जुनी मोरगाव तालुक्यात १९७२ पासून आहे. गोंदिया जिल्हाच मुळी १९९९ चा. म्हणजे जिल्ह्याहून जुनी माणसं, तरी ‘मूळच्या कुठल्या’ काही संपत नाही. आणि चायनाचं विचारायचं कोणाला, तर चिनी सत्तेपायी ज्यांच्या आज्या-आजोबांनी देश सोडला त्यांना! माल बहुतेक लुधियान्याचा असतो, काका.

‘असले प्रकार दिल्लीत होतात, आपल्याकडे नाही,’ असंही तुम्ही लिहिलंत. दिल्लीत जानेवारी २०१४ मध्ये अरुणाचलच्या निडो तानिया या विद्यार्थ्याचा मारहाणीनंतर मृत्यू झाला. भांडणाची सुरुवात दुकानात त्याच्या केसांवरून केलेल्या टवाळीने झाली होती. त्यानंतर केंद्राने ईशान्येकडच्या लोकांच्या अडचणी पाहायला बेझबरुआ समिती नेमली. ती टवाळी करणाऱ्यांनाही तेव्हा गंमतच वाटली असणार.

राहिली तक्रार. या तिबेटींतले कितीतरी जण इथे जन्मूनही परदेशी म्हणून नोंदणीचं प्रमाणपत्र बाळगतात आणि मुदत संपली की त्याच्या नूतनीकरणासाठी पोलिसांकडेच जातात. ‘मला नेपाळी म्हणाले’ एवढं सांगायला ते पुन्हा कोणत्या ठाण्यात जाणार, तुम्हीच सांगा.