मुखपृष्ठ बाइंडरकडे राहिलं

लेस्टरमधल्या एका जुन्या पुस्तकांच्या दुकानात मागच्या शनिवारी विज्ञानकथाकार असिमॉव्हची फाटकी पेपरबॅक दोन पौंडांना घेतली. वाचून झालेली, घरी दुसरी प्रत असलेली. घेतली ती ख्रिस फॉसच्या चित्रासाठी. एअरब्रशने रंगवलेलं, पट्ट्यापट्ट्यांचं, चाळीएवढं अवजड यान. गर्न्सी बेटावर १९४६ साली जन्मलेल्या या माणसाने सत्तरच्या दशकात इंग्लंडमधल्या विज्ञानकथांचा चेहराच ठरवून टाकला. आतल्या गोष्टीत तसं यान असेलच याची खात्री नाही, पण लोक चित्र बघून पुस्तक उचलायचे.

त्याच संध्याकाळी ठाण्याच्या शाळासोबत्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर जुंपली होती. माझा मावसभाऊ नौपाड्यात दिवाळी अंक काढतो. यंदा मुखपृष्ठावर एआयने केलेलं यान. यानावर देवनागरीसारखी अक्षरं, पण कुठल्याच बाराखडीतली नव्हेत! चित्रकाराच्या पोटावर पाय दिलास, असं काहीजण म्हणाले. पाचशे प्रतींच्या अंकाला चित्रकार परवडतो का, असं बाकीचे. मग सगळे माझ्याकडे वळले: "तुमच्याकडे इंग्लंडात नसेल ना रे असलं काही?"

आहे की. २०२२ साली टॉरसारख्या बड्या प्रकाशनाच्या एका मुखपृष्ठात एआयचं चित्र निघालं, ओरड झाली, तरी त्यांनी तेच ठेवलं. फरक आहे तो एआयच्या आधीपासूनच्या व्यवहारात. इथला विज्ञानकथेचा चित्रकार सहसा चित्र विकत नाही, ते छापण्याचा हक्क विकतो. मूळ चित्र त्याच्याकडे परत येतं आणि विज्ञानकथावाल्यांच्या मेळाव्यात प्रदर्शनात लागतं, विकलंही जातं. म्हणजे एका चित्राचे दोनदा पैसे. वर विज्ञानकथेच्या ह्यूगो पुरस्कारांत चित्रकारासाठी वेगळा मान; मायकेल व्हेलन या अमेरिकन चित्रकाराकडे असे १३ ह्यूगो आहेत. म्हणून इथे यंत्राशी भांडायला चित्रकाराच्या हातात काहीतरी असतं.

आपल्याकडे दलाल, मुळगावकर या मुखपृष्ठांच्या चित्रकारांची सही लोक ओळखायचे, हे खरंच. पण विज्ञानकथेला तसा चित्रकार लाभला नाही, आणि लाभला असता तरी आम्हाला कळलं नसतं. मी नारळीकर वाचले ते वाचनालयाच्या प्रतींत: जाड पुठ्ठा, रेक्झिनची पाठ, वर शाईने नंबर. मुखपृष्ठ बाइंडरकडेच राहायचं. २०१०च्या ठाण्यातल्या साहित्य संमेलनाला सुट्टी काढून आलो होतो. पुस्तकांचे सगळे गाळे पालथे घातले, पण मुखपृष्ठाचं मूळ चित्र विकायला ठेवलेलं कुठे दिसलं नाही.

तेव्हा ग्रुपवरच्या कळवळ्यात मी सामील झालो नाही. मावसभावाला वेगळा फोन केला. आधीची सात वर्षं त्याची मुखपृष्ठं कळव्याचा एक मुलगा रंगवायचा. त्याची मूळ चित्रं कुठायत, विचारलं.

"असतील रे छापखान्यात, माळ्यावर," तो म्हणाला. मग जरा थांबून, "पावसाळ्यात गळतो तो माळा. उद्या पोराला वर चढवतो."