सोळाव्या वर्षी तर सिनिअर गट सुरू होतो

सांगली-मिरजेच्या पालकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर सध्या एक मेसेज फिरतोय. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: रिदमिक जिम्नॅस्टिक्स म्हणजे रिबन घेऊन केलेला नाच, त्यात मुलीची उंची खुंटते, गुण परीक्षकांच्या मर्जीवर मिळतात, सोळाव्या वर्षी करिअर संपतं, तेव्हा आपल्या भागातल्या मुलींनी कुस्ती-कबड्डीच खेळावी. मी इथे मुलींना हा खेळ शिकवते. मेसेज वाचून काही पालकांनी क्लास बंद करायची भाषा सुरू केली, म्हणून सविस्तर लिहिते.

सोळाव्या वर्षाचा मुद्दा आधी घेते, कारण सगळ्यात जास्त नुकसान तोच करतोय. आंतरराष्ट्रीय नियमांनुसार 15 वर्षांपर्यंत मुलगी ज्युनिअर असते. ज्या वर्षी तिला 16 पूर्ण होतात, त्या वर्षापासून ती सिनिअर गटात खेळते आणि ऑलिम्पिकचा दरवाजा तिथून पुढे उघडतो. पॅरिसला 2024 मध्ये वैयक्तिक सुवर्ण जिंकणारी जर्मनीची दार्या वार्फोलोमेएव 17 वर्षांची होती, हे खरं. पण रौप्य मिळवणारी बल्गेरियाची बोरियाना कालेन 23 वर्षांची होती आणि कांस्य जिंकणारी इटलीची सोफिया राफाएली 20 वर्षांची. स्पेनची अल्मुदेना सिद 1996 पासून 2008 पर्यंत सलग चार ऑलिम्पिकच्या अंतिम फेरीत खेळली, शेवटची 28 व्या वर्षी. तिच्याच देशाची कारोलिना रॉद्रिगेझ रिओला 30 व्या वर्षी आठवी आली.

आपल्याकडे होतं काय, तर मुलगी नववीत गेली की ‘आता दहावीचं वर्ष’ म्हणून सराव बंद. पाच-सहा वर्षांची मेहनत ऐन फळाला येताना आपणच थांबवतो आणि मग म्हणतो, बघा, सोळाव्या वर्षी संपलंच की! खेळाने तिला थांबवलेलं नसतं, आपण थांबवलेलं असतं.

आता ‘नाच’. संगीत आहे, लय आहे, आणि ते सुंदर दिसतं याचा मला अभिमानच आहे. पण 13 बाय 13 मीटरच्या चौकोनात जास्तीत जास्त दीड मिनिटात ती मुलगी काय काय करते ते एकदा जवळून बघा. सिनिअरची रिबन किमान 6 मीटर लांब असते. रिबनची काठी उंच फेकायची, ती खाली येईपर्यंत दोन गिरक्या किंवा कोलांट्या मारून पुढे पोहोचायचं आणि काठी हातात, कधी नजर न टाकता पाठीमागे, झेलायची. रिबनचं टोक जमिनीवर लोळलं की गुण गेले, गाठ पडली की गुण गेले. एवढं झालं तरी हूप (मोठं कडं), बॉल आणि क्लब्ज (बाटलीच्या आकाराच्या दोन दांड्या) राहिलेच, प्रत्येकाची वेगळी रचना आणि वेगळा सराव.

परीक्षकांबद्दलची शंका मात्र मी उडवून लावणार नाही. टोकियो ऑलिम्पिकमध्ये इस्रायलच्या लिनॉय अश्रमच्या हातून रिबन पडली, तरी 0.15 गुणांच्या फरकाने सुवर्ण तिला मिळालं आणि त्यावर मोठा वाद झाला. तरीही काठिण्य, कलात्मकता आणि सफाई यांचे गुण वेगवेगळे परीक्षक देतात. सफाईचे गुण 10 पासून कापत आणले जातात आणि साधन पडलं तर किती कापायचे ते नियमात लिहिलेलं आहे. नुसती मर्जी चालत असती तर सिडनीत 2000 साली सगळ्यांनी जिची विजेती म्हणून वाट पाहिली, त्या रशियाच्या अलिना काबाएवाला कुणीही वाचवलं असतं. तिचा हूप घरंगळत चौकोनाबाहेर गेला आणि तिला कांस्यावर समाधान मानावं लागलं. सुवर्ण तिने चार वर्षांनी अथेन्सला जिंकलं.

उंची खुंटते हे धादांत चुकीचं आहे. लांब हातपाय या खेळात फायद्याचेच असतात. ग्रीक संशोधकांनी अव्वल रिदमिक जिम्नॅस्टचा अभ्यास केला, तेव्हा त्यांचं वयात येणं लांबलेलं आढळलं, पण अंतिम उंची आई-वडिलांच्या उंचीवरून अपेक्षित असते तेवढी किंवा जास्तच भरली. खरी काळजी दुसरीच आहे. सडपातळ दिसण्यासाठी मुलगी अर्धपोटी राहू लागली, तर पाळी लांबते आणि हाडं कमकुवत होतात. ‘वजन वाढलंय, भाकरी बंद’ असं सांगणारा प्रशिक्षक भेटला तर मुलीला त्याच दिवशी तिथून काढा. मेसेज लिहिणाऱ्याने हा इशारा दिला असता तर मी स्वतः तो पुढे पाठवला असता.

राहिली आपल्या भागाची गोष्ट. कुस्ती-कबड्डी आमचीही आहे, खाशाबा जाधव कराडजवळच्या गोळेश्वरचे. पण साताऱ्याची अदिती स्वामी 2023 मध्ये बर्लिनला 17 व्या वर्षी तिरंदाजीत जगज्जेती झाली आणि स्मृती मानधना सांगलीच्या माधवनगरात वाढली. या मुलींना ‘आपल्या भागाचा खेळ’ निवडायला लावला असता तर? भारताची एकही रिदमिक जिम्नॅस्ट अजून ऑलिम्पिकला गेलेली नाही, हे मी लपवत नाही. पण खेलो इंडियात 2022 साली पंचकुलाला या खेळाची पाचही वैयक्तिक सुवर्णं संयुक्ता काळेने जिंकली, आणि ती महाराष्ट्राची.

आपल्याकडे कमी आहे ती उंच छताच्या हॉलची. शाळेच्या सभागृहात डोक्यावर पंखे फिरत असतात, तिथे मुली हूप वर फेकूच शकत नाहीत. त्या खालच्या खाली उडवून सराव करतात आणि राज्य स्पर्धेत गेल्यावर उंच फेकीचा अंदाज चुकतो. मेसेज पुढे ढकलणाऱ्या पालकांना माझी विनंती आहे: तेवढाच वेळ काढून जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांना उंच छताच्या हॉलसाठी निवेदन द्या. पहिली सही माझी असेल.