बूव्हे सापडलं, थॉम्पसनचं काय?

दक्षिण अटलांटिकमधल्या बूव्हे बेटावरचा लेख वाचला. बेटाचा शोध १७३९ चा, एवढं सांगून तो पुढे गेला. अहो, खरी गंमत तिथेच आहे!

फ्रेंच कप्तान बूव्हेला १ जानेवारीला धुक्यात बर्फाचा कडा दिसला. त्याला वाटलं, दक्षिणेकडच्या मोठ्या खंडाचं टोकच लागलं. त्या दिवशीच्या ख्रिस्ती सणावरून भूशिराला नाव ठेवून गडी मोकळा. बेटाची जागाही चुकीची नोंदवली. पुढे खुद्द इंग्रज दर्यावर्दी जेम्स कुकने शोधलं, सापडलं नाही. १८०८ मध्ये देवमासे मारणाऱ्या जहाजांना ते पुन्हा दिसलं. १८२५ मध्ये नॉरिस नावाच्या इंग्रज कप्तानाने त्याला लिव्हरपूल म्हटलं, वर शेजारी थॉम्पसन नावाचं आणखी एक बेट नोंदवलं. ते पुढे कुणालाच सापडलं नाही, तरी शंभरावर वर्षं नकाशांत होतं. पाळण्यात बाळ नाही आणि बारसं उरकलं!

आमच्या सोलापूरचं नाव सोळा गावांवरून की शिलालेखातल्या सोन्नलगेवरून, यावर कट्ट्यावर अजून वाद रंगतात. बूव्हेवर वाद घालायला सील आणि पेंग्विन.

काल मुलीच्या अ‍ॅटलासमध्ये बूव्हे शोधत होतो. कूलरच्या वाऱ्याने पान उडत होतं, म्हणून वर शेंगा चटणीची बरणी ठेवली. उचलली तर दक्षिण अटलांटिकमध्ये तेलाचा हा एवढा डाग. पोरगी म्हणते, "बाबा, हेच का ते थॉम्पसन?"