खडकवासल्याच्या पाण्याचा वाद यंदाच्या पावसापासून सुरू होत नाही

धरणाचे पाणी कोणाला किती सोडायचे हे ठरवणाऱ्या कालवा सल्लागार समितीची बैठक जवळ आली की पुण्यात आणि पुण्याच्या पूर्वेकडील तालुक्यांत एकच वाद नव्याने पेटतो. शहरातील लोक म्हणतात, आमच्या तोंडचे पाणी उसाला जाते. दौंड-इंदापूरचे शेतकरी म्हणतात, शहर मंजूर कोट्यापेक्षा कितीतरी जास्त पाणी उचलते आणि आमची आवर्तने, म्हणजे कालव्याच्या पाण्याच्या पाळ्या, हुकतात. दोन्ही तक्रारींत तथ्य आहे. मात्र दोन्ही बाजू खडकवासला धरणातील आजच्या साठ्याचा आकडा हाती घेऊन भांडतात, आणि हे पाणी मुळात कोणासाठी, कोणाच्या जमिनीवर आणि कोणत्या हिशेबाने अडवले गेले हा प्रश्न कोणीच विचारत नाही. तो विचारल्याशिवाय या वादात न्याय्य भूमिका घेताच येणार नाही, असे माझे ठाम मत आहे.

पेशवाईत पुण्याच्या पाण्याचा मामला सरळ होता. नानासाहेब पेशव्यांच्या काळात, १७५० च्या सुमारास, कात्रजला तलाव बांधून तेथील पाणी जमिनीखालच्या दगडी नळांतून शहरात आणले गेले आणि पेठांमधल्या हौदांत सोडले गेले. त्या बांधकामाचे कौतुक आपण पुष्कळ करतो आणि ते योग्यच आहे. त्या हौदांवर पाणी भरण्याचा अधिकार सर्वांना नव्हता, याचा उल्लेख मात्र क्वचितच होतो. जोतीराव फुले यांनी १८६८ मध्ये आपल्या घरचा हौद अस्पृश्य मानल्या गेलेल्या लोकांसाठी खुला केला तो याच शहरात. पाणी कोठून येते याइतकेच ते कोणापर्यंत पोहोचते हेही महत्त्वाचे असते, हे पुण्याला तेव्हाच कळायला हवे होते.

खडकवासल्याचे धरण आले आणि मामला बदलला. १८६९ च्या सुमारास काम सुरू झाले आणि १८७९ मध्ये ते पुरे झाले. मधल्या काळात, १८७६ ते १८७८ या वर्षांत, दख्खनने भीषण दुष्काळ पाहिला. कर्नल फाइफ या अभियंत्याच्या नावावरून तलावाला ‘लेक फाइफ’ म्हणत असत. पुणे शहर आणि लष्कराची छावणी यांना पाणी देणे हा योजनेचा एक भाग होता, पण तिचा मुख्य गाभा होता उजवा आणि डावा कालवा. उजवा कालवा पुण्याला वळसा घालून हडपसर, लोणी काळभोर, उरुळी कांचन, यवत असा पूर्वेला तेव्हाच्या भीमथडी तालुक्यात, म्हणजे आजच्या दौंडच्या बाजूला, गेला. धरण बांधले जात होते तेव्हा शहराची वस्ती लाखाच्या आसपास होती. त्यामुळे शहर आणि शेत एकाच पाण्याचे वाटेकरी आहेत, याची अडचण कोणाला वाटलीच नाही.

उसाबद्दल आपण फार घाईने बोलतो, म्हणून येथे थोडे थांबायला हवे. दुष्काळापासून संरक्षण हा कालव्यांचा सांगितलेला हेतू होता, तरी सरकारला खर्च केलेल्या पैशावर पाणीपट्टीही हवी होती. ज्या वर्षी पाऊस बरा होई त्या वर्षी ज्वारी-बाजरी पिकवणारा शेतकरी कालव्याचे पाणी विकत घेत नसे. त्याला ते परवडतही नसे आणि त्याची गरजही नसे. बारमाही पाणी घेऊन बारमाही पट्टी भरणारे पीक एकच होते, ते म्हणजे ऊस. दख्खनच्या कालव्यांवर ऊस वाढला तो या हिशेबातून. पुढे साखर कारखाने आले, सहकार आला, राजकारण आले आणि त्या हिशेबावर मोठी इमारत उभी राहिली. आज उसाचे क्षेत्र आवरायला हवे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण ऊस म्हणजे एखाद्या पिढीतील शेतकऱ्यांचा हट्ट, असे जे सर्रास लिहिले जाते ते खोटे आहे. धोरणाने लावलेले पीक धोरणानेच बदलावे लागते. पर्यायी पिकाला भाव आणि खरेदीची हमी न देता शेतकऱ्याला शहाणपणा शिकवण्याचा अधिकार आपल्याला नाही.

या संदर्भात मला जोतीरावांचे जीवन नेहमी आठवते. १८७६ पासून काही वर्षे ते पुणे नगरपालिकेचे सदस्य होते आणि त्याच काळात हडपसरजवळच्या मांजरीला त्यांची शेतीही होती. १८८२ साली शिक्षणविषयक हंटर आयोगाला दिलेल्या निवेदनाखाली त्यांनी स्वतःची ओळख व्यापारी, शेतकरी आणि नगरपालिकेचे सदस्य अशी करून दिली आहे. म्हणजे शहराच्या पाण्याचा विचार करणारा आणि कालव्याच्या मुलखात शेती करणारा माणूस एकच होता. पाटबंधारे खाते पाणीपट्टी वसूल करते, पण वेळेवर आणि पुरेसे पाणी मिळेल याची जबाबदारी घेत नाही, ही तक्रार त्यांनी शेतकऱ्याच्या बाजूने लिहून ठेवली आहे. आज आपल्यात असा माणूस शोधून सापडत नाही. नगरसेवक शहरापुरते बोलतात, आमदार आपल्या तालुक्यापुरते बोलतात आणि पाण्याच्या संपूर्ण वाटेचा विचार करणारा कोणीच उरत नाही.

१२ जुलै १९६१ हा दिवस पुण्यात सर्वांना ठाऊक आहे. खडकवासल्याच्या वरचे पानशेत धरण फुटले, पाठोपाठ खडकवासला फुटले आणि नदीकाठचे पुणे वाहून गेले. त्या आठवणी घराघरांत सांगितल्या जातात. पण पानशेत आणि नंतरचे वरसगाव ही धरणे कशासाठी बांधली गेली, हे तितकेसे सांगितले जात नाही. कालव्याचा लाभ इंदापूरपर्यंत न्यायचा होता, आणि त्यासाठी मावळातली गावे पाण्याखाली गेली. त्या गावांतील काही कुटुंबांचे पुनर्वसन दौंड तालुक्यात झाले. ज्यांच्या जमिनी बुडवून हे पाणी साठवले, त्यांतील काहींची मुले-नातवंडे आज त्याच पाण्याच्या आवर्तनाची वाट पाहत आहेत. ‘गावाकडचे लोक आमचे पाणी पळवतात’ असे लिहिण्यापूर्वी प्रत्येक पुणेकराने हे एकदा समजून घ्यावे, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

दुसरीकडे शहरही एकाएकी उधळे झालेले नाही. २०११ च्या जनगणनेत महापालिका हद्दीची लोकसंख्या ३१ लाखांच्या वर होती आणि त्यानंतर हद्दीत नवी गावे आली. वस्ती वाढवण्याचे निर्णय शासनाने घेतले, बांधकाम परवाने महापालिकेने दिले आणि पाण्याचा कोटा मात्र महापालिका आणि पाटबंधारे खाते यांच्यातील जुन्या कराराच्या कागदावर साडेअकरा टीएमसीवर (एक टीएमसी म्हणजे एक अब्ज घनफूट) राहिला. त्या कराराचा दुसरा भाग असा होता की शहराने साडेसहा टीएमसी सांडपाणी शुद्ध करून शेतीसाठी परत द्यावे. त्यासाठी मुंढव्याला जॅकवेल, म्हणजे पाणी उपसण्याची विहीर, बांधले गेले आणि तेथून पाणी सोडले जाते ते जुन्या उजव्या कालव्यात, ज्याला या पट्ट्यात सगळे ‘बेबी कॅनॉल’ म्हणतात. एकोणिसाव्या शतकात खडकवासल्याचे स्वच्छ पाणी घेऊन निघालेला तो हाच कालवा. आज लोणी काळभोर-उरुळीच्या बाजूला कालव्याच्या भरावावर उभे राहिले की काळपट पाणी दिसते, मोरीच्या तोंडाशी पांढरा फेस साचलेला असतो आणि शेतकरी जमीन खारवल्याचे व विहिरी बिघडल्याचे सांगतात. पुण्याने दिलेला शब्द कागदावर पाळला जातो की पाण्यात, हे तेथे जाऊन पाहावे.

इतिहास पाहिला म्हणजे कोणाचा तरी कायमचा हक्क सिद्ध होतो, असे मला अजिबात म्हणायचे नाही. १८७९ चा कालवा दाखवून कोणी अमर्याद ऊस लावू शकत नाही आणि पिण्याच्या पाण्याला पहिले प्राधान्य आहे असे सांगून कोणी गळक्या वाहिन्या, गाड्या धुणे आणि टँकरचा बाजार झाकू शकत नाही. इतिहासातून एवढेच कळते की एकाच पाण्यावर शासनाने वेगवेगळ्या काळात वेगवेगळ्या लोकांना वचने दिली आणि ती एकत्र ठेवून कधी तपासली नाहीत. भांडण आहे ते या न तपासलेल्या वचनांचे. ते पुणेकर विरुद्ध शेतकरी असे मांडले जाते, तेव्हा ज्यांनी वचने दिली ते बाजूला राहतात.

हे सगळे आत्ताच लिहिण्याचे कारण म्हणजे खडकवासला ते फुरसुंगी हा बोगदा. उघड्या कालव्याऐवजी पाणी भूमिगत न्यायचे, म्हणजे गळती, बाष्पीभवन आणि चोरी थांबेल, अशी ही योजना आहे. पर्वतीच्या पायथ्याशी, जनता वसाहतीजवळ २७ सप्टेंबर २०१८ रोजी कालवा फुटून दांडेकर पुलाच्या वस्तीतील घरे उद्ध्वस्त झाली, हे आठवले तर बोगद्याची गरज पटते. मी योजनेच्या बाजूने आहे. पण त्यामुळे दोन गोष्टी मोकळ्या होणार आहेत: शहराच्या मध्यातून जाणारी कालव्याची मैलोन्‌मैल जमीन आणि वाचणारे पाणी. जमीन सार्वजनिक कामासाठी घेतलेली आहे आणि ती सार्वजनिक कामासाठीच राहिली पाहिजे. कालव्याकाठी पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या वस्त्यांचा विचार तिच्या आराखड्यात आधी व्हायला हवा. वाचलेले पाणी शहराच्या वाढत्या मागणीत मुकाट्याने जिरवून टाकू नये. त्यातला वाटा कालव्याच्या शेपटाकडील गावांना किती आणि कोणत्या महिन्यात मिळणार, हे बोगद्याचे काम पुरे होण्याआधी लेखी ठरावे, आणि मूळ योजनेपासून आजपर्यंतचे सर्व करार त्याच बैठकीत पुणे, दौंड आणि इंदापूर या तिन्ही ठिकाणच्या नागरिकांसमोर ठेवले जावेत.